न वाजलेल्या आवाजाची नोंद

सरोजबाईंची आणि माझी ओळख मुलुंडच्या त्यांच्या श्रवणतपासणी केंद्रात मी शिकाऊ म्हणून लागले तेव्हा झाली. पहिल्याच दिवशी त्यांनी मला ध्वनिबंद खोलीत बसवलं आणि दार लावून घेतलं. आधी अंगातल्या रक्ताची सळसळ ऐकू आली, मग मान वळवताना मणक्यांची करकर, आणि मग कोणीतरी माझं नाव घेतलं. मी घाबरीघुबरी होऊन बाहेर आले.

"हाक आली ना?" बाईंनी शांतपणे विचारलं. मी साफ नाकारलं.

"येते गं. इतकी शांतता मेंदूला सोसत नाही."

तपासणीची रीत सोपी. पेशंट आत, आपण काचेबाहेर. यंत्रातून सूर सोडायचा. ऐकू आला की पेशंट बटण दाबतो आणि आपल्या टेबलावर दिवा लागतो. भांडुपच्या शेवंताआजी आत होत्या तेव्हा मी सूर सोडलाच नव्हता, तरी दिवा लागत होता. पुन्हा पुन्हा. त्यांचा मुलगा कुजबुजला, "बाबा जाऊन वर्ष झालं. ही म्हणते, खोकतायत. डोक्याची वाट लागलीय, मॅडम. तुम्ही लिहून द्या ना, म्हणजे कुठेतरी ठेवता येईल तिला." मीही मोठी शहाणी! 'प्रतिसाद विश्वासार्ह नाहीत' असं लिहून मोकळी झाले.

बाईंनी ती ओळ खोडली आणि स्वतः आत जाऊन आजींशेजारी बसल्या.

"कुठल्या कानात खोकतात?"

"उजव्या. त्याच अंगाला निजायचे ते."

उजवा कान जवळजवळ गेलेला निघाला. बाहेरचे आवाज तुटले की मेंदू साठवणीतले आवाज बाहेर काढतो, हे बाईंनी मुलाला समजावलं. "आई वेडी नाही रे तुझी. बहिरी होतेय." आजी घरीच राहिल्या. माझी मान मात्र अजून खाली जाते.

कानाला मशीन लागलं, खोकला थांबला. महिन्याभरात मुलगा पुन्हा हजर. "रोज दुपारी चारला मशीन काढून बसते. सांगा ना तिला काहीतरी."

"बसू दे," बाई म्हणाल्या. "त्या दोघांची चहाची वेळ असेल."

तेव्हापासून आमच्याकडे न सोडलेल्या सुराला दिवा लागला तरी ती नोंद खोडत नाहीत. काय ऐकलं ते विचारतात आणि लिहून ठेवतात.

यंत्र नीट आहे ना हे पाहायला रोज सकाळी बाई स्वतः आत बसतात, आज पंचाहत्तरीतही. गेल्या महिन्यात मी काहीच सोडलं नसताना दिवा लागला. मी दार उघडलं.

"काय ऐकलंत, बाई?"

"ते नाही सांगणार," त्या हसल्या. "पण लिही. डावा कान."

मी लिहिलं.

बाई, तुम्हाला उदंड आयुष्य आणि ठणठणीत प्रकृती लाभो. ती खोली रिकामी असताना टेबलावरचा दिवा लागलेला पाहण्याची वेळ माझ्यावर फार फार वर्षांनी येवो. नोंद मी करीन.