अबू फायबर

हुसेनभाई परकारांना भिंती फार आवडतात, असा माझा बरीच वर्षं समज होता. ओमानातल्या निझव्याच्या किल्ल्यात जिना चढताना ते मध्येच थांबायचे, भिंतीवर तळवा टेकवायचे आणि म्हणायचे, "वा! काय काम केलंय! बगा साहेब, आज असं कोण करतो?" आम्ही सगळे निमूटपणे भिंत बघायचो. मातीची साधी भिंत असायची. थोडं वर गेलं की दुसरी भिंत आणि पुन्हा "वा!" कुणी घाई केली तर म्हणायचे, "भिंत कुटं पळून जात नाय, आपण जातो. म्हणून बगून घ्यावी." माझी बायको नीला त्यांना आमच्या सगळ्या गोतावळ्यातला एकमेव रसिक माणूस समजायची, आणि मला अरसिक ठरवायला तिला त्यांचा चांगला उपयोग व्हायचा. भाईंना चढावर दम लागतो आणि तो कुणाला दिसू नये म्हणून ही रसिकता आहे, हे आम्हाला कळलं ते पार पेरू देशात.

भाई मूळचे रत्नागिरीकडचे, खाडीकाठच्या गावातले. ओमानात बरक्याच्या मासळी बाजारामागे त्यांचं दुकान होतं. जाळी, दोर, नांगर, इंजिनाचं तेल, आणि मागच्या आवारात फायबरच्या पांढऱ्या होड्या. मी मस्कतला रुवीत ज्या कंपनीत नोकरी करत होतो ती या होड्यांसाठी लागणारं रसायन पुरवायची, त्यामुळे महिन्यातून एकदा तरी माझी बरक्याला फेरी व्हायची. गिऱ्हाइकाशी बोलायची त्यांची एक तऱ्हा होती. नवीन होडी घ्यायला आलेल्या माणसाला ते आधी जुनी दुरुस्त करायचा सल्ला द्यायचे. मी एकदा म्हटलं, "भाई, असा धंदा कसा चालायचा?" तर म्हणाले, "साहेब, ज्याला नको म्हटलं तो उद्या येतो. ज्याला घे म्हटलं तो घासाघीस करतो." आणि खरोखर, बातिना म्हणतात त्या सगळ्या किनाऱ्यावर त्यांच्याच होड्या दिसायच्या.

त्याच किनाऱ्यावर पूर्वी खजुराच्या झावळ्यांच्या होड्या असत. तिथे त्यांना शाशा म्हणतात. झावळ्यांचे देठ दोराने घट्ट बांधायचे की झाली होडी. तिच्यात पाणी आत येतं, बाहेर जातं, होडी काही बुडत नाही. बसणारा मात्र कमरेपर्यंत भिजतो. भाई तरुणपणी नोकरीच्या शोधात ओमानात आले तेव्हा त्याच किनाऱ्यावरच्या खाबुरा गावातल्या सालिम नावाच्या कोळ्याने त्यांना आपल्या शाशातून समुद्रात नेलं होतं, घरी जेवू घातलं होतं, आणि अरबीतल्या पहिल्या चार शिव्याही शिकवल्या होत्या. पुढे भाईंनी दुकान काढलं, फायबर आलं, आणि पाचदहा वर्षांत शाशा दिसेनाशा झाल्या. शेवटी सालिमच्या मुलांनीही फायबरची होडी घेतली, तीही भाईंकडूनच. सालिमने आपली शाशा अंगणात उलटी टाकली. तिच्यावर शेळ्या बसायला लागल्या.

तेव्हापासून सालिम भाईंची ओळख 'अबू फायबर' अशी करून द्यायचा. अबू म्हणजे बाप. अरबांत मोठ्या मुलाच्या नावाने बापाला हाक मारतात, तसं हे. सगळे हसायचे, भाईही हसायचे. पण खाबुऱ्याहून परत येताना गाडीत गप्प असायचे, आणि गप्प हुसेनभाई म्हणजे बंद पडलेला एसी. चालू असताना आवाजाकडे लक्ष जात नाही, बंद पडला की जीव घाबरा होतो.

मग एके दिवशी त्यांनी टीव्हीवर एक तळं पाहिलं. दक्षिण अमेरिकेतल्या उंच डोंगरांवरचं, समुद्रासारखं अफाट, आणि त्यात गवताच्या बेटांवर राहणारी माणसं गवताच्याच होड्या वल्हवताहेत! त्यांनी लगेच खाबुरा गाठलं. सालिम म्हणाला, "टीव्हीवाले काहीही दाखवतात. पाल्याची होडी आमच्याशिवाय कुणाला बांधता येत नाही. आणि आता आम्हालाही येत नाही." शेवटचं वाक्य भाईंना लागलं. "मी जाऊन बगतो," ते म्हणाले, "बसतो तिच्यात, आणि तुला येऊन सांगतो." पुढच्या वर्षी दुकान आवरून कायमचं गावी जायचं त्यांनी ठरवलं होतं. त्याआधी सालिमला दिलेला हा शब्द पुरा करायचा, एवढंच त्यांच्या डोक्यात होतं.

आम्ही नवराबायको त्या सुमारास तिकडच्या इंका लोकांचे अवशेष बघायला एका सहलीबरोबर जाणारच होतो. भाई आमच्यात सामील झाले. त्यांच्या बायकोने, जैतूनभाभींनी, साफ नकार दिला. "तळ्यातली मच्छी मी खात नाय," एवढं एकच कारण त्यांना पुरलं. विमानतळावर मला बाजूला घेऊन म्हणाल्या, "जसे नेताय तसे आणा. चढावर कुटं नेऊ नका." पेरूत चढाशिवाय दुसरं काही नाही, हे सांगायचं धैर्य मला झालं नाही.

कुस्को हे इंकांचं जुनं राजधानीचं शहर. तिथे आमची वाटाडी रोसा भेटली. ठेंगणी, चटपटीत, डोक्यावर हॅट. तिने पहिल्याच दिवशी बजावलं, "ज्याला इथे धाप लागेल त्याला तळ्यावर नेणार नाही. तळं याहून उंचावर आहे." नीलाने ते भाईंना मराठीत सांगितलं. भाई म्हणाले, "बरोबर हाय. नियम पायजेच." आणि दुसऱ्या दिवशी शहराबाहेरच्या त्या अजस्र दगडी तटाजवळ त्यांनी पहिला तळवा टेकवला. "वा! काय काम केलंय!"

या वेळी भिंत मात्र खरोखरच तशी होती. घराएवढे दगड, आणि दोन दगडांमध्ये पोस्टकार्डही जाणार नाही अशी जोडणी. रोसाचा ऊर भरून आला. तिचे बाकीचे पर्यटक धावत वर जाऊन फोटो काढत होते आणि हा ओमानहून आलेला दाढीवाला वृद्ध एकेका दगडापाशी डोळे मिटून उभा होता. तिने नीलाला हळूच विचारलं, "हे इमारती बांधतात का?" नीला म्हणाली, "नाही, होड्या विकतात." तरीही त्या दिवसापासून रोसा भाईंच्या चालीने चालायला लागली. एकही दगड सांगायचा ठेवला नाही तिने. भाई माना डोलवायचे, श्वास घ्यायचे, पुढे निघायचे.

भाषेची त्यांना अडचण अशी वाटलीच नाही. ते सगळ्यांशी बरक्याची अरबी बोलायचे. स्पॅनिशमध्ये साखर आणि तेल यांची नावं अरबीसारखीच निघाली, त्यामुळे उपाहारगृहात हवं ते येऊन पडायचं. "बगा," ते मला म्हणाले, "उगाच लांब लांब म्हणत होतात. आपलीच माणसं हायत."

फजिती झाली ती नमाजाची. रत्नागिरीत मक्का पश्चिमेला, बरक्यातही पश्चिमेला. कुस्कोच्या हॉटेलात पहिल्या संध्याकाळी भाईंनी सवयीने मावळतीकडे तोंड करून चटई अंथरली. नमाज झाल्यावर मी भीतभीत म्हटलं, "भाई, आपण पृथ्वीच्या दुसऱ्या अंगाला आलोय. इथून मक्का उगवतीकडे असणार." ते क्षणभर खिडकीबाहेर बघत राहिले. मग चटई उलट फिरवत म्हणाले, "हरकत नाय. ज्याला ऐकायचंय त्याला पाठमोरंपण ऐकू येतं." आणि पुन्हा सगळा नमाज पढले.

बसने आम्ही तळ्याकाठच्या गावी पोचलो आणि तिथे पितळ उघडं पडलं. उतरलो होतो ते एका म्हातारीचं छोटं अतिथीगृह होतं, खोल्या वर. त्या अरुंद जिन्यात भिंत होती, पण नुकताच पिवळा रंग दिलेली, सपाट, नवीकोरी. भाई अर्ध्यावर थांबले. आजूबाजूला पाहिलं. शेवटी आग विझवायचं लाल नळकांडं टांगलेलं होतं त्यावर त्यांनी तळवा टेकवला आणि म्हणाले, "वा! काय काम केलंय!"

रोसा मागेच होती. तिने नळकांड्याकडे पाहिलं, मग भाईंच्या ओठांकडे. ओठ निळसर पडले होते. तिने त्यांना धरून वर नेलं, खुर्चीत बसवलं आणि नीलाला म्हणाली, "सकाळी असेच असले तर यांना खालच्या शहरात पाठवणार. गाडी मी सांगून ठेवते." नीलाने ते भाईंना मराठीत सांगितलं. थोड्या वेळाने मला म्हणाले, "सालिमला काय सांगू? टीव्हीवर दिसते तेवढीच होडी बगून आलो?" एवढा मोठा माणूस, पण डोळ्यांत पाणी होतं. मला त्यांचा राग आला, दयाही आली, आणि जैतूनभाभींचं 'जसे नेताय तसे आणा' आठवलं.

इतक्यात म्हातारी किटली घेऊन आली. तिकडे पुदिन्यासारखी एक रानपाल्याची जात असते, तिचा काढा विरळ हवेचा त्रास झालेल्यांना देतात. भाई अशी झाडपाल्याची औषधं कधी घेत नसत, पण यजमानाच्या हातचं पेय नाकारणं त्यांच्या रक्तात नव्हतं. त्यांनी कप रिकामा केला आणि मनगटाने दोनतीनदा हलवला. ओमानात कावा, म्हणजे तिथली बिनदुधाची कॉफी, पिताना अशीच रीत आहे. रिकामा कप हलवला की 'पुरे'. नुसता पुढे धरला तर यजमान ओततच राहतो. म्हातारीला वाटलं, पाहुणा रिकामा कप दाखवून आणखी मागतोय. तिने आनंदाने भरला.

भाईंनी तो प्यायला आणि जरा जोरात हलवला. म्हातारीने काठोकाठ भरला. आता ते मला डोळ्यांनी खुणावू लागले. मी म्हटलं, "कप खाली ठेवा ना भाई!" "भरलेला कसा ठेवू?" ते कुजबुजले, "घरधनीण बसलीय समोर. अपमान होईल तिचा." पुन्हा प्यायले. पुन्हा हलवला. म्हातारी आत जाऊन दुसरी किटली घेऊन आली आणि रोसाला म्हणाली, असा गुणी आजारी मी पाहिला नाही, बाकीचे एक कप घेतानाही तोंड वाकडं करतात. किती कप झाले ते आम्ही मोजायचं सोडून दिलं. शेवटी नीलानेच किटलीवर हात ठेवला आणि भाई जे उठले ते थेट मोरीकडे, एकाही भिंतीशी न थांबता.

काढ्याचा गुण की विश्रांतीचा, कोण जाणे, सकाळी त्यांचे ओठ लाल होते. मी उठलो तेव्हा ते चटईवर बसलेले होते आणि खिडकीतून तळ्यावरचं ऊन सरळ त्यांच्या तोंडावर पडलं होतं. रोसाने नाडी पाहिली, सहलीतल्या पुढच्या डोंगराळ बेटावर मुक्कामाला न्यायचं नाही म्हणून सांगितलं, पण गवताच्या बेटांपर्यंत चला म्हणाली. नीला बाकीच्यांबरोबर पुढे जाणार होती, मी भाईंना घेऊन परतणार होतो. भाईंनी रोसाच्या डोक्यावर हात ठेवून इतके आशीर्वाद दिले की तिला वाटलं यांना पुन्हा त्रास व्हायला लागला.

गवताच्या बेटावर पाय ठेवला की जमीन गादीसारखी दबते. भाईंना त्याचं कौतुक नव्हतं. ते सरळ होडीपाशी गेले. वाकून वास घेतला, अंगठ्याने गवत दाबलं, गाठी ओढून पाहिल्या, आणि एका फटीत बोट घालून एकदम हसत सुटले. आत प्लॅस्टिकच्या रिकाम्या बाटल्या भरलेल्या होत्या, होडी तरंगती राहावी म्हणून. "साहेब, हे बगा! सालिमपण थर्माकोल भरायचा, आणि सगळ्यांना सांगायचा, आजोबानं बांधली तशीच बांधलीय म्हणून!"

होडीवाल्याने त्यांच्या हातात वल्हं दिलं. भाईंनी मोजून पाचसहा हात मारले असतील. होडी हलली, किनारा थोडा मागे गेला.  मग वल्हं परत देऊन म्हणाले, "बस. आता मला खाली घेऊन चला. छातीत दुखत नाय, पण खोटं बोलून आणखी पुढं जायचं नाय." मी त्यांना भिंतीशिवाय कबुली देताना प्रथमच ऐकलं.

पुढच्या वर्षी ठरल्याप्रमाणे ते गावी गेले. गावी फार वर्षं मिळाली नाहीत त्यांना. जैतूनभाभींचा फोन आला तेव्हा मी रुवीतच होतो. फोन ठेवल्यावर मला कुस्को आठवलं नाही, तळंही आठवलं नाही. आम्ही परतल्यावर त्याच आठवड्यात गाठलेलं खाबुरा आठवलं.

सालिमला तोवर दिसेनासं झालं होतं. अंगणात खाटेवर बसून त्याने सगळं ऐकलं: गवताचा वास, गाठी, बाटल्या. बाटल्यांना तो पोट धरून हसला. भाई अरबीत सांगायचे आणि माझ्यासाठी मराठी करायचे, पदरचा मसाला घालून. मग सालिमने विचारलं, "आणि अबू फायबर? तो नाही पोचला अजून तिकडे, आपल्या होड्या घेऊन?"

भाई थांबले. "पोचला होता," म्हणाले. "पण म्हातारा झालाय आता. थोडं वल्हवलं आणि परत आला."

 सालिमने चाचपडत भाईंचा हात धरला. "बरं झालं गेलास," तो म्हणाला. "नाहीतर तुझ्यावरचा राग घेऊनच मेलो असतो मी."

एवढी अरबी मला कळत होती. तरी भाईंनी माझ्याकडे वळून सवयीने मराठी करायला तोंड उघडलं, आणि ते काही त्यांना जमलं नाही.