विस्तव मागायला निघालेली

आमच्या काचआत्याच्या हातात कुठलीही वस्तू आली, की ती आधी खिडकीशी जायची आणि ती वस्तू उजेडापुढे धरायची. कांद्याची साल, जाळी पडलेलं पिंपळपान, पोह्याचा पापड, माझ्या धाकट्या भावाचा कान. कान धरला की तो ओरडायचा, पण ती सोडायची नाही. "थांब रे, आत केवढा लाल दिवा लागलाय, बघू दे," म्हणायची. घरात कुणी कुणाबद्दल वाईटसाईट बोलू लागलं, तरी तिचं सांगणं तेच असे. "आधी उजेडापुढं धर, मग बोल."

ती माझ्या वडिलांची थोरली बहीण. वडिलांना आम्ही दादा म्हणत असू आणि दादा तिला अक्का म्हणत. बाराव्या वर्षी नवरा गेला आणि ती ठाण्याच्या सासरहून कल्याणला माहेरी परत आली. तेव्हापासून अंगावर विधवेचं लाल आलवण आणि डोईवर घट्ट ओढलेला पदर. मला कळू लागलं तेव्हा ती चाळिशीच्या आसपास असेल. सकाळभर सोवळ्यातला स्वयंपाक तिच्याकडे. दुपारी सगळं घर आडवं झालं, की ती पश्चिमेच्या खिडकीत बसून काचा रंगवी. त्या खिडकीतून खाडी दिसायची, आणि खाडीवरचा उजेड तिच्या हातातल्या काचेतून तिच्या तोंडावर पडायचा. कधी गाल निळा, कधी कपाळ केशरी. मी झोपेचं सोंग घेऊन ते रंग बघत पडून राहायची आणि बघता बघता खरंच झोपून जायची.

या काचा कशाच्या, ते आधी सांगते, कारण तुम्ही मुलं चित्रपटांच्या काळातली. तेव्हा चित्रपट निघाले नव्हते. दादांनी मुंबईहून एक जादूचा कंदील आणला होता. पत्र्याची पेटी, आत रॉकेलचा दिवा, पुढं भिंग. दिवा आणि भिंग यांच्यामध्ये रंगवलेली काच सरकवली, की समोरच्या पडद्यावर तिचं चित्र दारापेक्षा मोठं होऊन उभं राहायचं. एकामागून एक काचा सरकवत दादा कथा सांगत. पण कंदिलाबरोबर आलेल्या काचांवर होती बर्फातली घरं आणि टोपीवाली मुलं. ती कल्याणात कुणाला बघायची होती? देवापुढची आत्याची रांगोळी बघून दादांनी एक कोरी काच तिच्याच हातात दिली. तेव्हापासून देवांच्या कथा ती रंगवू लागली. नखाएवढा चेहरा, खारीच्या केसांचा कुंचला. "इथं माझा हात केसभर हलला, तर तिथं देवाला गालफुगी होते," असं म्हणून ती श्वास रोखून धरायची.

खेळाला पडदा म्हणून मोठं धोतर टांगत आणि ते पाण्यानं भिजवत. ओल्या कापडातून चित्र दोन्ही बाजूंनी दिसतं. कंदिलाच्या बाजूला पुरुष बसायचे आणि पडद्यामागं बायका. अशी वहिवाटच होती. त्यामुळे बायकांना सगळं उलटं दिसे. आमच्या शेजारच्या गोदाकाकू एकदा खेळ चालू असताना म्हणाल्या, "काय गं, हा देव दर वेळी डाव्या हातानंच आशीर्वाद देतो. शोभतं का हे?"

"पलीकडून उजवाच आहे तो," आत्या म्हणाली.

"तुला काय ठाऊक?"

"मीच काढलाय ना."

"मग आपण पलीकडे का नाही बसत?"

आत्या तर त्या बायकांतही सगळ्यांच्या मागं, खांबाला टेकून बसलेली असे. आपली चित्रं तिनं पडद्यावर कधी सरळ पाहिली नव्हती.

एका उन्हाळ्यात ती दादांचं काम संपवून वेगळ्याच काचा रंगवू लागली. त्यांत देव नव्हता, राजा नव्हता. एक बाई होती, आपल्यासारखीच. तिच्या घरची चूल विझते, म्हणून ती खापर घेऊन शेजारी विस्तव मागायला जाते. शेजारची चूलही विझलेली. ती पुढच्या आळीत जाते, वेशीबाहेर जाते, नावेतून खाडी उतरते. पुढं कळव्याची मिठागरं लागतात, मग ठाण्याचं तळं. आत्या स्वतः माहेरी आल्यापासून कल्याणबाहेर गेली नव्हती. हे सगळं तिनं गाडीच्या खिडकीतून शेवटचं पाहिलं होतं, बाराव्या वर्षी, परत येताना. इतकी वर्षं ती मिठाची पांढरी रास तिच्या डोळ्यांत तशीच उभी होती.

तिला एवढंच हवं होतं, की ही कथा एकदा पडद्यावर यावी आणि ती तिला सरळ बघायला मिळावी. तिनं दुसरं काही मागितल्याचं मला आठवत नाही.

दादांनी काचा पाहिल्या. "अक्का, हात सुरेख आहे तुझा. पण ही बाई देवाला जात नाही, नवऱ्याला सोडवायला जात नाही. घर सोडून बाई निघाली, हे मी चारचौघांत कुठल्या तोंडानं सांगू? लोक देव बघायला येतात."

"देवांना सगळं मिळालेलंच असतं," आत्या म्हणाली. "त्यांचं काय बघायचं?"

"बरं, हिला शेवटी काय मिळतं?"

"ते अजून काढलं नाही."

"मग शेवटी लोकांना काय दाखवू? कोरी काच?"

दादा हसले आणि आंघोळीला गेले. आत्या हसली नाही. तिनं काचा पुसून, प्रत्येकीमध्ये कापूस घालून पेटीत ठेवल्या.

पुढच्या चैत्रात मामलेदारांच्या घरी गौरीचं हळदीकुंकू होतं. मामलेदारीणबाई हौशी होत्या आणि कुणाला भीत नसत. त्यांनी दादांना निरोप पाठवला, की दिवेलागणीनंतर कंदिलाचा खेळ व्हावा, पण समारंभ बायकांचा आहे, तेव्हा आज बायका पुढं आणि पुरुष पडद्यामागं. दादांची पंचाईत झाली. बायकांत बसून कंदील चालवणार कोण? ते पडद्याआडून गोष्ट सांगतील, पण काचा कोण सरकवणार?

"मी," आत्या म्हणाली.

आई एकदम म्हणाली, "वन्सं, अहो, हळदीकुंकू आहे." विधवेनं तिथं पाऊल टाकायचं नसे, हे घरात मलाही ठाऊक होतं.

"कंदिलामागं अंधारच असतो," आत्या शांतपणे म्हणाली. "तिथं कोण बसलंय, कुणाला दिसणार आहे?"

त्या संध्याकाळी मामलेदारांच्या अंगणातल्या मांडवात मी आईला चिकटून पुढच्याच रांगेत बसले होते. मोगरा, पन्हं, ओल्या कापडाचा वास. कंदील पेटला. पडद्यापलीकडून दादांचा भरदार आवाज आला, "आटपाट नगर होतं. तिथं एक प्रतापी राजा—" आणि पडद्यावर उभी राहिली हातात खापर घेतलेली एक बाई.

पलीकडे दादा थांबले. कुणीतरी खाकरलं. बायका कुजबुजल्या. मामलेदारांच्या आई मोठ्यानं म्हणाल्या, "अगंबाई, राणीच्या लुगड्याला ठिगळ कसं?"

तेवढ्यात आमच्या पाठीमागच्या अंधारातून आवाज आला. "ही राणी नाही. ही एक बाई. हिच्या घरची चूल विझली."

हा आवाज मी घरात रोज ऐकत होते, पण तो इतका दूरवर जाणारा आहे हे मला माहीत नव्हतं. काच सरकत होती आणि आवाज चालत होता. बाई नावेत बसली, तेव्हा ओलं धोतर वाऱ्यानं हललं आणि सगळी खाडी हलली. मिठागरावर एक आगरीण चूल मांडून बसली होती. आत्या तिच्या बोलीत बोलली, "इस्तू हाय गो बाय, पन तुजे घरापावत टिकंल का?"

"खरंच की, विझेल तो वाटेत," गोदाकाकू पुटपुटल्या.

"म्हणून ती तिथंच बसली," आत्या सांगत होती. "दोघींनी मिळून भात केला, जेवल्या. मग ती पुढं निघाली." प्रत्येक ठिकाणी तसंच. विस्तव सगळीकडे होता, पण घरापर्यंत नेता येईल असा नव्हता. प्रत्येक चुलीपाशी ती थोडी बसायची, काहीतरी शिकायची, कुणाचं तरी मूल मांडीवर घ्यायची, आणि उठायची. मांडवात बांगड्यांचा आवाजसुद्धा नव्हता. ठाण्याच्या तळ्यात संध्याकाळ उतरली आणि तिच्या खापरात नुसतं पाणी चमकलं, तेव्हा माझ्या आईनं माझा हात घट्ट धरला.

मग शेवटची काच सरकली. ती कोरी होती.

पडदा पांढराशुभ्र झाला आणि त्याचा उजेड उलटून सगळ्या मांडवावर पडला. सगळ्यांचे चेहरे दिसू लागले, कुंकू, नथी, ओले डोळे. बायकांनी मागं वळून बघितलं. कंदिलाशी बसलेली आत्याही दिसली, डोईवरच्या पदरासकट. अंधार तिनंच मोडला होता.

मामलेदारांच्या आईंनी तोंडाला पदर लावला. आता हिला उठवतील, असं मला वाटलं. मामलेदारीणबाई उठल्या खऱ्या. त्यांनी पन्ह्याचा पेला आणि आंब्याच्या डाळीचा द्रोण उचलला, सगळ्यांच्या मधून चालत गेल्या आणि तो पहिला द्रोण आत्याच्या हातात दिला.

"मग पुढं काय झालं तिचं?" त्यांनी विचारलं.

आत्या पडद्याकडे बघत होती. "अजून चालतेय," ती म्हणाली.

घरी परतताना दादा पारनाक्याशी आल्यावर म्हणाले, "पेटी चुकली वाटतं, अक्का."

"हो ना, चुकली," आत्या म्हणाली. पंचवीस डबे डोळे मिटून ओळखणारी आमची आत्या!

आणखी काही पावलांनंतर दादा म्हणाले, "मिठागराचं चित्र छान होतं. पण मला सगळं उलटं दिसलं."

"आम्हाला सगळंच तसं दिसायचं," आत्या म्हणाली. तिच्या आवाजात राग मुळीच नव्हता. नुसतं सांगितल्यासारखं सांगितलं.

भिवंडीच्या पुढच्या खेळाला दादांनी बायकांना कंदिलाच्या बाजूला बसवलं. कल्याणात ते त्यांना कधी जमलं नाही, वडीलधारे आडवे आले. दोन वर्षांनी मला इंग्रजी शाळेत घालायचं की नाही, यावर घरात वाद झाला, तेव्हा आत्या स्वयंपाकघरातून एवढंच म्हणाली, "हिला तरी सरळ बघू दे." दादा दुसऱ्या दिवशी शाळेत जाऊन आले.

पुढं प्लेगची साथ आली. गावाबाहेर शेतात झोपड्या बांधून आम्ही राहिलो, आणि तिथंच आत्या गेली. ताप चढला तेव्हा तिनं हात वर धरला होता. बोटांच्या फटीतून येणारं ऊन बघत होती. साथ ओसरल्यावर घरी आलो, तर सरकारी माणसांनी घर औषधाच्या पाण्यानं धुऊन काढलेलं. भिंती, हांडे, पेट्या, आणि पेटीतल्या काचासुद्धा. सगळे रंग वाहून गेले होते. दादा पश्चिमेच्या खिडकीत बसले आणि एकेक काच उजेडापुढं धरत राहिले. देव नव्हते, बाई नव्हती. प्रत्येक काचेतून नुसती खाडी दिसत होती आणि तिच्यातून जाणारी एक नाव. यातली मूळची कोरी काच कुठली, हे आम्हा दोघांनाही ओळखता आलं नाही.

मुक्ता, तू नैरोबीहून लिहिलंस, की तुम्ही भावंडांनी एक चित्रपट पाहिला, त्यात एक माणूस सगळं सोडून निघतो, शेवटी त्याला आपल्या जगण्याचा अर्थ सापडतो, आणि तू खूप रडलीस. मीही असले चित्रपट आवडीनं बघते. त्यांत सगळ्यांना शेवटी ते सापडतं, आणि मला त्यांच्यासाठी बरं वाटतं. पण चित्र संपून पडदा क्षणभर पांढरा होतो, लोक पायांनी चपला चाचपू लागतात, तेव्हा माझ्याच्यानं उठवत नाही. तुमचे आजोबा होते तेव्हा दर वेळी कोपरानं ढोसायचे. "अगं, ऊठ आता. संपला."

मी म्हणायची, "थांबा हो जरा. अजून चालतेय."