देवीला पुस्तक वाचून दाखवणारे मापारीभाऊ

शिल्पकलेची पुस्तकं खऱ्या अर्थानं वाचणारा साऱ्या वऱ्हाडात एकच माणूस झाला, आणि त्यानं कारंज्याच्या धान्यबाजारात तीस वर्षं पोती तोलली. बाकी आम्ही सगळे नुसते चाळणारे. मी तर त्याहून वाईट, मी लिहिणारा. मापारीचं काम सुटल्यावर मापारीभाऊ आमच्या वाचनालयात आले तेव्हा मी तिथला सचिव होतो, आणि कॉलेजात मराठी शिकवून निवृत्त झाल्यामुळे गावातला थोर विद्वानही. हे मी म्हणत नाही, माझ्या सत्काराच्या बॅनरवर तसं छापलं होतं. मापारीभाऊंनी कपाटातलं एकेक पुस्तक काढायचं, डोळे मिटून तळहातावर तोलायचं आणि परत ठेवायचं असा सपाटा लावला. कादंबऱ्या नापास झाल्या, चरित्रं नापास झाली. शेवटी सगळ्यात खालच्या फळीवरचं, चकचकीत जाड कागदावर छापलेलं मंदिरशिल्पांचं एक पुस्तक त्यांच्या हातात आलं, आणि त्यांचा चेहरा खुलला. हे सव्वादोन किलो भरते, हेच माह्या नावावर लिवा, म्हणाले. ग्रंथपालबाईंनी गंमत म्हणून शेजारच्या किराणा दुकानात ते तोलून आणलं, तर पन्नास ग्रॅम कमी भरलं. मापारीभाऊ शांतपणे म्हणाले, त्या दुकानदाराचा काटा एकदा तपासून घ्या.

अशा रीतीनं, निव्वळ वजनामुळे, ते शिल्पकलेत शिरले आणि मग बाहेर आलेच नाहीत. पुस्तकात लिहिलेलं कळलं नाही तर ते करून पाहत. एका पुस्तकात मूर्ती तीन ठिकाणी वाकून कशी उभी असते याचं वर्णन होतं. मापारीभाऊंनी वाचनालयातच धोतर सावरलं आणि मान एकीकडे, कंबर दुसरीकडे, गुडघा तिसरीकडे करून उभे राहिले. वर्तमानपत्रं वाचत बसलेले सगळे चष्मे काढून पाहायला लागले. पुढच्या क्षणी भाऊंच्या कंबरेत अशी उसण भरली की दोघांनी धरून त्यांना बाकावर आडवं केलं आणि बाईंनी आपल्या पर्समधला बाम दिला. तशा अवस्थेतही ते छताकडे बघत सांगत होते की त्या दगडातल्या बाईनं अशी उभी राहून हजार वर्षं कशी काढली असतील, हे आता समजलं.

पण त्यांची खरी तऱ्हा वेगळीच होती. ज्या मूर्तीबद्दल वाचलं, तिच्यापुढे ते पुस्तक घेऊन जात आणि तिलाच मोठ्यानं वाचून दाखवत. एसटीनं जाण्यासारखं असेल तिथे बियाण्याच्या पिशवीत पुस्तक घालून निघायचे. फार लांबच्या मूर्ती असल्या, तर त्यांची खबर इंझोरीकडच्या एका शेताच्या बांधावरल्या देवीला द्यायचे, दर मंगळवारी, न चुकता. तिच्या नात्यातल्याच आहेत सगळ्या, असं त्यांचं मत होतं. मी एकदा हसून विचारलं, भाऊ, दगडाला वाचून दाखवून काय उपयोग? तर म्हणाले, "तिच्याबद्दल लिवलं, छापलं, साऱ्यायनं वाचलं. तिलेच काहून माहीत नको?" शेतात निंदायला, तण काढायला, आलेल्या बायांना ती पोथीच वाटायची. त्या हात जोडून बसत, पुस्तकाला हळदकुंकू वाहत, आणि आमची पुस्तकं नमस्कार करण्याच्या लायकीची होऊन परत येत.

वाचून झालं की टेप लावून माप घेत आणि समासात पेन्सिलीनं लिहीत. 'तपासले, बरोबर.' 'उंची दोन बोटं कमी.' 'डावा हात लिहिला, उजवा आहे.' पोतं तोलल्यावर आकडा घालावा तसं, ठसठशीत, जोर देऊन.

आता माझ्यावर येतो, टाळून फायदा नाही. मी आमच्या भागातल्या मूर्तींवर एक छोटं पुस्तक लिहिलं होतं. त्यावर मला शाल मिळाली, श्रीफळ मिळालं, दोन भाषणं मिळाली. मापारीभाऊंनी ते तोललं, पाव किलोपेक्षाही कमी भरलं, पण 'आपल्या इथलं हाय' म्हणून कौतुकानं घरी नेलं. परत आलं तेव्हा मी ते उत्सुकतेनं उघडलं. इंझोरीकडच्या त्याच देवीवर मी लिहिलं होतं, 'तिच्या ओठांवरचं मंद, गूढ हसू पाहताना काळाचं भान हरपतं.' बाजूला पेन्सिलीनं होतं, 'ओठ दिसत नाहीत. शेंदूर आहे.'

खरं सांगायचं तर मी तिथे गेलोच नव्हतो. एकदा निघालो होतो, स्टँडवर गेलो, ऊन फार होतं, एक चहा घेतला आणि घरी आलो. पंख्याखाली बसून दहा पुस्तकांतली दहा हसू वाचली आणि अकरावं तयार केलं. पिढ्यान्‌पिढ्या शेंदूर चढून त्या देवीचा नुसता गोळा झाला होता, दोन चांदीचे डोळे तेवढे बाहेर. हे तिथल्या शेरडं चारणाऱ्याला ठाऊक होतं, मला नव्हतं.

चूक झाली म्हणून माणूस मरत नाही. मी पुढे जे केलं त्याची लाज आहे. पुढच्या मासिक सभेत मी पुस्तकं विद्रूप करण्याचा विषय घेतला. पुरावा म्हणून माझं पुस्तक दाखवलं नाही, एवढा मी हुशार! कुंकवाचे डाग पडलेलं ते सव्वादोन किलोचं दाखवलं, आणि ग्रंथांच्या पावित्र्यावर दहा मिनिटं बोललो. मापारीभाऊ दाराशी टोपी हातात धरून उभे होते. एवढंच म्हणाले, "पेन्सिल हाय सर, खोडरबरानं जाते." त्यांचं सभासदत्व रद्द झालं. मी ठराव माझ्या सुरेख अक्षरात लिहिला.

माझ्या पुस्तकाची ती प्रत मी घरी आणली आणि खोडरबर घेऊन बसलो. शिसं गेलं, पण जोर देऊन लिहिलेलं होतं, कागदावर खळगे तसेच राहिले. दिव्याखाली पान तिरपं धरलं की अक्षर न्‌ अक्षर वाचता येई, आणि मला ते तिरपं धरून बघायचा नादच लागला. सहा महिने असे काढले. शेवटी एका मंगळवारी प्रत पिशवीत घातली आणि इंझोरीची एसटी धरली.

मापारीभाऊ बांधावर बसले होते, रिकाम्या हातांनी. मला बघून त्यांना आनंद झाला, याचं मला फार वाईट वाटलं. मी विचारलं, पुस्तक नाही, मग येऊन करता काय? म्हणाले, बसतो नुसता, तिच्याजवळ सांगाले काही नवीन नाई आता. मग त्यांची नजर पिशवीकडे गेली. "आनलं का? मंग तुमीच वाचा सर. लिवनाऱ्याच्या तोंडून आयकू द्या तिले."

मी वाचलं. पहिला परिच्छेद वाचला, दुसरा वाचला. तिसऱ्यात ते हसू आलं. समोर नारिंगी गोळा आणि दोन चांदीचे डोळे माझ्याकडे रोखलेले. मी त्या ओळीवर बोट ठेवून थांबलो. मापारीभाऊंनी वाट पाहिली, आणि मग अगदी हळू, मला सांभाळून घ्यावं तसं म्हणाले, "असन बी सर. अंदरून हासत असन. दिसत नाई म्हनून नाई, असं नाई म्हनता येत. पन लिवता बी येत नाई." आणि खोडलेल्या समासाकडे बोट दाखवून, "मी तुमचं खोडलं नव्हतं. बाजूले लिवलं होतं."

मी त्यांच्याकडे पेन्सिल मागितली आणि त्यांच्या खळग्यांवरून एकेक अक्षर गिरवलं.

इथे हे व्यक्तिचित्र संपवता आलं असतं तर बरं झालं असतं. पण पुढच्या सभेत, खरं सांगायचं असं ठरवून उठलेला मी, समितीला म्हणालो की म्हातारा माणूस आहे, चुकला, एकवार माफ करू. सगळ्यांनी माझ्या मोठ्या मनाची तारीफ केली. संध्याकाळी मापारीभाऊ घरी आले, दोन्ही हातांनी माझा हात धरला आणि म्हणाले, उपकार झाले सर. मी म्हणालो, असू द्या.

आता ते पुन्हा पुस्तकं तोलतात. मंगळवारी जाता जाता माझ्या फाटकाशी थांबून येता का म्हणून विचारतात, आणि गुडघे बरे असले की मी जातो. हे लिहिलेलंही एकदा तिथे वाचून दाखवायचं आहे, त्यांच्यासमोर. समास मोठा सोडला आहे.