आत्मा कोणाचा हलला?

माझ्या लेखनाचं पहिलं परीक्षण धुळ्याच्या देवपुरातल्या छापखान्यात झालं. कॉलेजच्या वार्षिक अंकासाठी मी हेवी मेटल संगीतावर लेख दिला होता. ‘ही गिटार ऐकताना आत्मा हलतो,’ असं बिनधास्त ठोकून दिलं होतं.

छपाईचे शिशाचे खिळे जुळवणाऱ्या म्हाताऱ्याचं नाव मी कधी विचारलं नाही. सगळे नाना म्हणत. आत्म्यापाशी त्यांचा चिमटा थांबला. चष्म्यावरून बघत म्हणाले, “भाऊ, हाई बठ्ठं आयकेल शे का तुम्ही?”

“नाही नाना. धुळ्यात कॅसेट कुठे मिळते? मामाच्या इंग्रजी मासिकात वाचलं.”

“मंग आत्मा कोना हालना?”

नाना पुन्हा खिळे वेचू लागले.

अंक आला. लेखात कानामात्रेचाही बदल नव्हता. फक्त माझ्या नावाआधीचं ‘लेखक’ काढून नानांनी तिथे ‘संकलन’ बसवलं होतं.