मागच्या खोलीतला खोकला

आमची मावशी लोकांची कुत्री सांभाळते. मालक गावाला निघाले की कुत्री तिच्याकडे. गेल्या आठवड्यात एक कुत्रा खोकतच आला. लस दिल्याची थाप मारून मालक पसार झाला. असल्या माणसालाच पिंजऱ्यात कोंडायला हवं!

मावशीने त्या कुत्र्याला लगेच मागच्या खोलीत ठेवलं, भांडी वेगळी केली, फरशी घासून हात सोलवटून घेतले. तरी रोज आणखी एक कुत्रा खोकू लागला. मावशी रडकुंडीला आली.

शेवटी डॉक्टर आले. खोल्या, भांडी पाहून झाल्यावर ते मावशीकडेच बघत राहिले. तिने आजारी कुत्र्याचं नाक एप्रनने पुसलं आणि तोच एप्रन घालून ती दुसऱ्याला कुशीत घ्यायला निघाली.

"बाई, थांबा! रोग तुम्हीच वाटताय."

मावशीने एप्रन उकळत्या पाण्यात टाकला, कपडे बदलले, उग्र वासाच्या औषधाने हात धुतले आणि ती स्वतःच्या म्हाताऱ्या, आंधळ्या कुत्र्यापाशी गेली. तोही सकाळपासून खोकत, धापा टाकत होता. त्याने तिचे हात हुंगले, अंग चोरलं आणि परक्यावर भुंकावं तसा तिच्यावर भुंकला.