बिनखताचं कॉसमॉस

शेजारचे गृहस्थ अंगणातल्या कॉसमॉसला खत घालू देत नसत. मी एकदा शेणखत देऊ केलं, तर त्यांनी माझा हातच धरला. "खताने नुसता पाला माजतो, भाऊ. उपाशी ठेवलं की लवकर फुलतं. आपल्याला इथे कुठे थांबायचंय?" शेवटचं वाक्य ते नेहमी दाराकडे बघून, घरात त्यांच्या बायकोला, वहिनींना, ऐकू जाईल असं म्हणत.

भोपाळ नव्या राज्याची राजधानी झाली, तेव्हा आम्हा नागपूरच्या कारकुनांना इथल्या क्वार्टरांत आणून सोडलं होतं. नागपूर मात्र मुंबई राज्यात गेलं. परत जायचं की इथेच राहायचं, ते ज्याने त्याने लिहून द्यायचं होतं. वहिनींनी अजून ट्रंका रिकाम्या केल्या नव्हत्या. गृहस्थांना कोणी विचारलं, की ते "बघू" म्हणत आणि सुकलेली फुलं खुडायला लागत.

लिहून द्यायची मुदत संपली त्याच्या दुसऱ्या दिवशी त्यांनी शेणखताची पाटी आणली, ऐन फुलातलं कॉसमॉस उपटलं आणि तिथे खड्डा खणला.

"काय लावताय?" मी विचारलं.

"संत्र्याचं झाड."

वहिनी दारात उभ्या होत्या. "त्याला फळ धरायला वर्षं लागतात," त्या म्हणाल्या. "मला विचारलंत?"

ते मान खाली घालून हातांनी खत दाबत राहिले.