जळण्यासाठी बांधलेलं घर

जयराम पष्टे नव्या भिंती घाण करतो आणि त्याचे त्याला पैसे मिळतात, असं त्याची आई, सावळी, धसईच्या बाजारात लोकांना सांगायची. त्यात खोटं काहीच नव्हतं. सिनेमात दिसणारं घर, दुकान, पोलीस चौकी आधी नवीकोरी उभी करायची आणि मग ओल, काजळी, पानाच्या पिचकाऱ्या लावून जुनी करायची, हाच त्याचा धंदा. शाळेच्या गॅदरिंगचे पडदे रंगवण्यापासून त्याची सुरुवात झाली. मग कल्याणला दुकानांच्या पाट्या रंगवल्या, गोरेगावला स्टुडिओत रंगाचे डबे उचलले, आणि डबे उचलता उचलता चाळिशीत तो प्रॉडक्शन डिझायनर झाला. गावाच्या लेखी तो पेंटरच राहिला.

सावळीची तक्रार वेगळी होती. त्याचा प्रत्येक सिनेमा ती मोबाइलवर शेवटपर्यंत बघायची आणि म्हणायची, "तू दिसला नायस."

"आई, माणसांच्या मागं जे दिसतं ना, ते सगळं मी केलंय."

"मागं तर घर हाय."

"तेच."

"मंग त्यात तू काय केलंस? घर तर होतंच."

याहून मोठी शाबासकी त्याच्या धंद्यात कुणाला मिळत नाही. पण आईने आपल्याला एकदा तरी पाहावं असं जयरामला फार वाटे, आणि ते होत नाही याचं वाईटही वाटे.

हातात पैसा खेळू लागल्यावर त्याने आईसाठी स्लॅबचं घर बांधलं. त्यासाठी जुनं कुडाचं घर पाडलं. आई तेव्हा लेकीकडे शहापूरला होती. तिला चकित करायचं म्हणून विचारलं नव्हतं. परत आल्यावर ती "बरं केलंस" म्हणाली, आणि जुने वासे तिने गोठ्याच्या माळ्यावर नीट रचून घेतले. तेव्हापासून ती स्लॅबच्या घरात पाहुण्यासारखी राहत होती.

अशात जयरामकडे एक सिनेमा आला. त्यात शेवटी कुडाचं घर जळतं. दिग्दर्शक बाईंना खरं गाव हवं होतं, म्हणून त्याने स्वतःचंच कापणी झालेलं शेत दाखवलं. कारवीचे कुड, वर कौलं, पुढे ओटी. नकाशा काढावा लागला नाही. हात आपोआप जुन्या घराचीच मापं घेत होते. धुराने काळे झालेले वासे मात्र रंगवून जमेनात. त्याने आईकडे गोठ्यातले मागितले. तिने कशाला म्हणूनही विचारलं नाही. हे घर जाळायचं आहे, एवढं सांगायचं त्याच्याकडून राहून गेलं. खरं तर त्याने ते राहू दिलं.

रंगाऱ्यांनी जमिनीला शेणाचा रंग मारला. सावळीने तो पायाच्या अंगठ्याने खरवडून पाहिला.

"ह्ये काय लावलंय?"

"शेण दाखवायचंय, आई."

"मंग शेणच लावा ना."

शेजारच्या भागीरथीला घेऊन तिने जमीन सारवली. सारवलं म्हणून चूल मांडली. मांडलेली चूल थंड ठेवणं तिला पटेना, म्हणून भाकऱ्या टाकल्या. युनिटने त्या खाल्ल्या आणि बाईंनी चुलीचे फोटो काढले. मग एके दिवशी सावळीने देवसुद्धा तिथे आणून बसवले. स्लॅबखाली त्यांना उकडतं, म्हणाली.

जाळायच्या दिवशी सकाळी पेट्रोलचे कॅन आले. जयराम ओटीवर गेला. आई तांदूळ निवडत होती.

"आई, हे घर आज जाळायचंय. पिक्चरसाठीच बांधलं होतं."

तिने सूप खाली ठेवलं. "देव तरी काढून घेऊ दे." आत जाऊन तिने देव पदरात घेतले. चुलीतला विस्तव मात्र सवयीने राखेखाली झाकून ठेवला, संध्याकाळसाठी. बाहेर पडताना म्हणाली, "मागल्या येळी पण तू सांगितलं नव्हतंस."

आवाजात राग नव्हता. असता तर जयरामला सोपं गेलं असतं. तो तडक दिग्दर्शक बाईंकडे गेला.

"हे घर जळणार नाही," तो म्हणाला. "जुनं लाकूड आहे. नीट पेट घेत नाही."

ही शुद्ध थाप होती. माळ्यावर वाळलेलं सागवान कसं धडाडून पेटतं हे तालुक्यातलं शेंबडं पोरही सांगेल, पण युनिट मुंबईचं होतं. प्रॉडक्शन मॅनेजरने आरडाओरडा केला, बाईंनी कपाळाला हात लावला, आणि जयरामने शेताच्या दुसऱ्या टोकाला प्लायवूड आणि बांबूचं घर घाईघाईत ठोकलं. त्याच्या हातून इतकं वाईट काम आयुष्यात झालं नव्हतं. ते मात्र सुरेख जळलं. युनिटने टाळ्या वाजवल्या.

सिनेमा आला तेव्हा सावळी शेतातल्या कुडाच्या घरातच राहत होती. जयराम आणि ती ओटीवर बसून मोबाइलवर बघत होते. पडद्यावर तिच्या घरात परकी माणसं जेवली, भांडली. शेवटी आग लागली.

"ह्ये आपलं नाय," ती म्हणाली.

"नाय."

"नुसतं पुढनंच हाय. मागं कायच नाय."

"घाईत केलं, आई."

सावळीने मोबाइल डोळ्यांजवळ नेला आणि ते खोटं घर पार कोसळेपर्यंत बघत राहिली. मग तिने त्याच्या पाठीवर हात ठेवला.

"आता दिसलास," ती म्हणाली.